चेटकीण ते बोक्या : एका नटाचे बालसाहित्य
(द्वितीय वर्ष, कला)

मराठी साहित्याच्या इतिहासाची पुस्तके चाळली तर कविता, कादंबरी, नाटक यांना भरपूर पाने मिळालेली दिसतात. बालसाहित्याची बोळवण मात्र शेवटच्या एखाद्या प्रकरणात झालेली असते. लहान मुलांसाठी लिहिणे म्हणजे मोठ्यांसाठी लिहिण्याची पूर्वतयारी, किंवा त्यातून उरलेल्या वेळातला विरंगुळा, असा आपला एक समज आहे. त्यात लेखक मूळचा नट असला तर विचारायलाच नको. 'नटाने लिहिलेले पुस्तक' म्हणून ते हौसेने विकत घेतले जाते, पण कसोटी लावून वाचले जात नाही.

दिलीप प्रभावळकर हे नाव आपल्या सर्वांच्या घरात माहीत आहे. कोणाला ते आबा टिपरे म्हणून माहीत आहेत, कोणाला तात्या विंचू म्हणून, तर कोणाला 'लगे रहो मुन्नाभाई'तले गांधीजी म्हणून. 'बोक्या सातबंडे' या मुलांच्या पुस्तकांचे लेखकही तेच आहेत, हे मात्र पुष्कळांच्या लक्षात नसते. त्यांच्या या दोन कामांचा एकमेकांशी संबंध काय, आणि तो आपण समजून का घ्यावा, हे मांडण्याचा प्रयत्न या लेखात केला आहे.

नट आणि बालसाहित्यिक हे नाते नवे नाही. जगातला सर्वांत प्रसिद्ध बालसाहित्यिक हान्स अँडरसन हा मुळात नट व्हायला निघाला होता. त्याचा जन्म १८०५ साली डेन्मार्कमधल्या ओडेन्स गावी झाला. बाप चांभारकाम करी, आई लोकांचे कपडे धुई. १८१९ साली, वयाच्या चौदाव्या वर्षी, तो एकटाच कोपनहेगनला गेला आणि तिथल्या राजेशाही नाट्यगृहाचे दार ठोठावू लागला. नट म्हणून त्याचे काही जमले नाही. पण त्याच नाट्यगृहाच्या व्यवस्थापकांपैकी एकाने त्याच्या शिक्षणाची सोय केली, आणि सतरा वर्षांचा अँडरसन आपल्याहून कितीतरी लहान मुलांच्या वर्गात जाऊन बसला. १८३५ साली त्याच्या परीकथांचे पहिले पुस्तक निघाले. त्या कथांची भाषा समोर बसलेल्या मुलाशी बोलावे तशी होती. त्या काळच्या काही विद्वानांना ती खटकली, पण मुलांना ती आपली वाटली. रंगमंचावर न चाललेला आवाज कागदावर मात्र चालला.

अँडरसनला नाटकाने नाकारले. प्रभावळकरांना नाटकाने आपले म्हटले. तरीही दोघांच्या लेखनातला समान धागा एकच, तो म्हणजे आवाज. हे स्पष्ट होण्यासाठी आधी थोडे मागे जाऊन मुंबईच्या बालरंगभूमीकडे पाहावे लागेल.

मराठीत मुलांची नाटके पूर्वीही होत असत. पण ती बहुधा शाळेच्या स्नेहसंमेलनापुरती. मुलांनी करायची आणि पालकांनी कौतुकाने पाहायची. मुलांसाठी प्रौढ कलावंतांनी, पुरेशा नेपथ्यानिशी, व्यवस्थित तालमी करून नाटक करावे ही कल्पना रुजवली ती सुधा करमरकर यांनी. त्या स्वतः उत्तम अभिनेत्री होत्या. परदेशात बालरंगभूमीचा अभ्यास करून आल्यावर १९५९ साली त्यांनी मुंबई मराठी साहित्य संघाच्या आश्रयाने 'लिटल थिएटर' सुरू केले. त्यांचे पहिले नाटक 'मधुमंजिरी'. त्याचे लेखक होते तरुण रत्नाकर मतकरी.

मतकरी (१९३८-२०२०) तेव्हा बँकेत नोकरी करत होते. पुढे पत्नी प्रतिभा मतकरी यांच्यासह त्यांनी स्वतःची 'बालनाट्य' ही संस्था काढली आणि वर्षानुवर्षे मुलांसाठी नाटके लिहिली, बसवली, प्रसंगी त्यांच्यासाठी पदरमोडही केली. 'निम्मा शिम्मा राक्षस', 'अचाटगावची अफाट मावशी', 'अलबत्या गलबत्या' ही त्यांतली काही नावे. १९७८ साली त्यांनी बँकेची नोकरी सोडली आणि पूर्ण वेळ लेखन-नाटकाला दिला. मूल हा अर्ध्या तिकिटाचा असला तरी पुरा प्रेक्षक आहे, अशा गंभीरपणाने ते हे काम करत राहिले.

याच मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या'मध्ये चेटकीण झाले होते दिलीप प्रभावळकर. ४ ऑगस्ट १९४४ रोजी मुंबईत जन्मलेले, विज्ञान शिकलेले, औषध कंपनीत नोकरी करणारे हे गृहस्थ रंगमंचावर चेटकीण होऊन मुलांना घाबरवत आणि हसवत होते. २०१८ साली हेच नाटक चिन्मय मांडलेकर यांच्या दिग्दर्शनाखाली पुन्हा आले, तेव्हा वैभव मांगले यांनी चेटकीण साकारली आणि नव्या पिढीनेही तिला डोक्यावर घेतले. आपल्या भागातले अनेक विद्यार्थी तेव्हा शाळेत होते. त्यांना ती चेटकीण आठवत असेल.

मुलांसमोर काम करणे हे नटाच्या दृष्टीने मोठे अवघड शिक्षण आहे. मोठा प्रेक्षक कंटाळला तरी तिकिटाचे पैसे दिले म्हणून बसून राहतो, शेवटी सभ्यपणाने टाळ्याही वाजवतो. मूल तसे करत नाही. कंटाळा आला की ते खुर्चीवर उभे राहते, पाणी मागते, शेजारच्याला चिमटा काढते. उलट रंगले की चेटकिणीला मोठ्याने उत्तर देते, नायकाला 'मागे बघ, मागे बघ' म्हणून ओरडून सांगते. कोणते वाक्य पोहोचले आणि कोणते वाया गेले, याचा निकाल नटाला त्याच क्षणी मिळतो. भावी बालसाहित्यिकासाठी याहून चांगली शाळा कोणती?

याच मतकरींच्या 'आरण्यक' (१९७४) या महाभारतावरील नाटकात प्रभावळकरांनी विदुर केला. २०१८ साली ते नाटक पुन्हा रंगमंचावर आले तेव्हाही विदुर तेच होते. एकाच लेखकाच्या दोन नाटकांत, एकीकडे चेटकीण आणि दुसरीकडे विदुर, हा त्यांच्या अभिनयाचा आवाका सुरुवातीपासूनच होता.

मुंबई दूरदर्शन केंद्र १९७२ साली सुरू झाले. त्या दशकाच्या अखेरीस चि. वि. जोशी यांच्या कथांवरील मालिकेत प्रभावळकर चिमणराव झाले आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. चाळीत एखाद्याच घरी दूरदर्शन संच असायचा आणि सगळी चाळ त्यापुढे जमायची, असे आमच्या घरची मोठी माणसे सांगतात. पुस्तकातला चिमणराव ज्यांनी कधी वाचला नव्हता, त्यांच्या घरी तो असा चालत आला.

त्यानंतरच्या भूमिकांची नुसती यादी दिली तरी पान भरेल. तरी त्यांतल्या काहींकडे मुद्दाम पाहायला हवे. जयवंत दळवींच्या 'नातीगोती'त ते मतिमंद मुलाचे वडील झाले. संजय सूरकर दिग्दर्शित 'चौकट राजा' (१९९१) या चित्रपटात ते स्वतःच नंदू झाले, ज्याचे शरीर वाढले पण मन मुलाचेच राहिले. एकाच माणसाने हे दुःख बापाच्या बाजूने आणि मुलाच्या बाजूनेही उभे केले. 'हसवाफसवी' हे नाटक त्यांनी स्वतः लिहिले आणि त्यात सहा निरनिराळ्या भूमिका केल्या. त्यांतले जुन्या संगीत रंगभूमीवरचे वृद्ध नट कृष्णराव हेरंबकर लोक अजून आठवतात. महेश कोठारे यांच्या 'झपाटलेला' (१९९३) मध्ये ते तात्या विंचू झाले. २००६ सालच्या 'लगे रहो मुन्नाभाई' आणि 'शेवरी' या चित्रपटांतील कामासाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

चेटकीण, विदुर, चिमणराव, नंदू, तात्या विंचू, गांधीजी! या सगळ्यांत प्रभावळकर नावाचा माणूस शोधू गेले तर सापडत नाही. काही नट प्रत्येक भूमिकेत स्वतःच दिसतात आणि लोकांना तेच आवडते. प्रभावळकर मात्र भूमिकेत विरघळून जातात. दुसऱ्याच्या जागी जाऊन उभे राहायचे, त्याच्या डोळ्यांनी पाहायचे, त्याच्या घशाने बोलायचे, ही त्यांच्या कलेची रीत. याच रीतीने त्यांनी दहा वर्षांच्या मुलाच्या जागी जाऊन पाहिले आणि बोक्या जन्माला आला.

बोक्या सातबंडे मुळात छापील पानावर आला नाही. तो आला आकाशवाणीवरून, श्रुतिकांच्या मालिकेतून. मागाहून त्याची पुस्तके झाली. राजहंस प्रकाशनाने काढलेले त्याचे दहा भाग आज उपलब्ध आहेत. २००९ साली त्याच्यावर मराठी चित्रपट आला आणि अलीकडे तो बालनाट्याच्या रूपाने रंगमंचावरही अवतरला. त्याचे खरे नाव चिन्मयानंद. पण एवढे भारदस्त नाव त्याच्या अंगाला बसत नाही, म्हणून सगळे त्याला बोक्याच म्हणतात.

मराठीतल्या गाजलेल्या मुलांमध्ये बोक्याची जागा कुठे? साने गुरुजींचा श्याम आईच्या आठवणीत संस्कार शोधतो; तो मोठा होऊन मागे वळून पाहणारा मुलगा आहे. ना. धों. ताम्हनकरांचा गोट्या घरातल्या माणसांत मिसळून त्यांना आपल्या चांगुलपणाने जिंकतो. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे सायकलवर टांग मारून संकटाच्या मागे धावतो. बोक्याला ना दूरचे साहस लागते, ना कोणाचा उपदेश. त्याचे कार्यक्षेत्र म्हणजे घर, शाळा, इमारत आणि आजूबाजूचा रस्ता. समोर कोणी अडचणीत दिसले की तो त्यात पडतो. कोणी सांगितले नसताना पडतो. त्याच्या उपद्व्यापांनी मोठी माणसे आधी वैतागतात आणि मग त्यांच्या लक्षात येते की, जे आपल्याला दिसायला हवे होते ते या कार्ट्याला दिसले. नट दुसऱ्याच्या जागी शिरतो तसा बोक्या दुसऱ्याच्या अडचणीत शिरतो. लेखकाने आपल्या नायकाला आपलीच कला देऊन टाकली आहे, असे मला वाटते.

आता आवाजाचा मुद्दा. श्रुतिकेत प्रेक्षकाला काहीच दिसत नसते. कोण आले, कोण गेले, कोण रागावले हे सारे बोलण्यातूनच कळायला हवे. त्यामुळे प्रत्येक पात्राची बोलण्याची ढब वेगळी ठेवावी लागते. आजी, शिक्षक, शेजारी हे सगळे एकाच भाषेत बोलू लागले तर ऐकणारा गोंधळून जाईल. वाक्ये आखूड ठेवावी लागतात, कारण ऐकणाऱ्याला पान मागे उलटून पाहता येत नाही. वर्णन फार लांबले तर तो दुसरे स्टेशन लावतो. या अटी पाळून लिहिण्याची सवय ज्या लेखकाला लागली, त्याचे पुस्तक हातात घेऊन मोठ्याने वाचले की ते लगेच जिवंत होते. पात्रांची नावे गाळली तरी कोण बोलतो आहे ते ओळखू येते. बालसाहित्य लिहिणाऱ्या पुष्कळ विद्वान मंडळींना हे साधत नाही, कारण त्यांनी आपले वाक्य कधी कानाने तपासलेले नसते.

यावर कोणी म्हणेल, लेखन ते लेखन. ते मनात वाचा की मोठ्याने, काय फरक पडतो? ज्या घरात पुस्तकांचे कपाट आहे तिथे फारसा पडत नसेल. आमच्यासारख्या घरात पडतो. आम्ही नाहूरला राहतो. वडील कारखान्यात कामाला, आईचे शिक्षण चौथीपर्यंत. घरात पंचांग, दिनदर्शिका आणि आम्हा भावंडांची क्रमिक पुस्तके एवढाच ग्रंथसंग्रह. माझ्या शाळेत पुस्तकांचे कपाट होते, पण त्याला बहुतेक वेळ कुलूप असे. बोक्याचा एक भाग एका मैत्रिणीकडून मिळाला तो सातवीत असताना. धाकट्या भावाला वाचून दाखवायला घेतला, तर दुसऱ्या पानाला आई भाजी निवडत जवळ येऊन बसली आणि चौथ्या पानाला वडिलांनी दूरदर्शनचा आवाज कमी केला. पुस्तक एक, वाचणारी एक आणि वाचक चार! जे पुस्तक फक्त डोळ्यांसाठी लिहिलेले असते ते आमच्या घरात एकटीचेच राहिले असते. कानासाठी लिहिलेले पुस्तक सगळ्या घराचे झाले.

म्हणूनच प्रभावळकरांनी ज्या माध्यमांतून काम केले त्यांकडे मी निराळ्या दृष्टीने पाहते. आकाशवाणी, दूरदर्शन, वर्तमानपत्र, रंगमंच ही माध्यमे अशी की ज्यांना घरात शिरण्यासाठी कपाट लागत नाही. 'लोकसत्ता'तील त्यांच्या 'अनुदिनी' या सदरावरून 'श्रीयुत गंगाधर टिपरे' ही मालिका झाली (२००१-२००४, दिग्दर्शक केदार शिंदे). तिच्यातले आबा रात्री आपली दैनंदिनी लिहीत आणि प्रत्येक भाग त्या लिहिण्यावर संपे. मालिकेतला एक म्हातारा माणूस दररोज लिहिताना दिसतो ही गोष्ट लहान वाटेल. पण लिहिणे हे साध्या माणसाचेही काम आहे, हे त्या दृश्याने किती घरांना सांगितले असेल!

प्रभावळकरांचे इतर लेखनही कमी नाही. 'गुगली'मध्ये क्रिकेटवरचा विनोद आहे, 'हसगत', 'कागदी बाण' ही विनोदी लेखनाची पुस्तके आहेत, 'एका खेळियाने'मध्ये त्यांनी आपल्या भूमिकांविषयी लिहिले आहे. नटाने आपल्या कामाचा इतका शांतपणे विचार केलेला मराठीत क्वचित आढळतो. अभिनयाकडे ते खेळ म्हणून पाहतात, हे त्या पुस्तकाच्या नावावरूनच कळते. आणि खेळ हा तर मुलांचा खास प्रांत!

तरीही एक गोष्ट नमूद केली पाहिजे. बोक्याचे जग हे शहरी मध्यमवर्गाचे जग आहे. इमारत, जिना, शेजारपाजार, शाळा, शिकलेले आईवडील. आमच्यासारखी मुले त्या जगात आली तर बहुधा पाहुणी म्हणून येतात. हा दोष एकट्या प्रभावळकरांचा म्हणता येणार नाही. जो तो आपण पाहिलेले जगच लिहितो आणि ते प्रामाणिकपणे लिहिणे हेच लेखकाचे काम. पण मग आमचे जग कोणी लिहायचे? सार्वजनिक नळाची रांग, रेल्वे रुळांपलीकडची वस्ती, दिवसपाळी-रात्रपाळीवर चालणारे घर, शिकवणीची फी भरायला उशीर झालेला मुलगा, यांचा बोक्या कुठे आहे? मतकरींना हा प्रश्न जाणवला असावा. आयुष्याच्या अखेरच्या काळात त्यांनी ठाण्यात वस्त्यांमधल्या मुलांसाठी 'वंचितांचा रंगमंच' उभा केला. तिथे मुले आपल्याच जगण्यातून विषय शोधून स्वतः नाटुकली रचतात आणि सादर करतात. ज्यांच्यासाठी आजवर कोणी तरी लिहीत आले, ती मुले तिथे स्वतः बोलू लागली.

२०१७ साली 'फास्टर फेणे' हा चित्रपट आला. त्यात भा. रा. भागवतांची भूमिका प्रभावळकरांनी केली. मुलांसाठी आयुष्यभर लिहिणाऱ्या एका लेखकाची भूमिका, मुलांसाठी लिहिणाऱ्या दुसऱ्या लेखकाने केली! एका पिढीचा लाडका लेखक पुढच्या पिढीला पडद्यावर दाखवताना, नटाला त्याच्या लेखणीचे वजनही ठाऊक होते, हा योग मोठा आनंदाचा आहे. २०२५ साली, वयाच्या एक्क्याऐंशीव्या वर्षी, 'दशावतार' या चित्रपटात ते कोकणातला वृद्ध दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री झाले. दशावतार हे रात्रभर चालणारे लोकनाट्य. त्यात संवाद लिहून दिलेले नसतात. नट ते उभ्या उभ्या रचतो. समोर बसलेल्या माणसांपैकी कितीजण शिकलेले आहेत याची त्याला फिकीर नसते. लेखक आणि नट अशी दोन माणसे तिथे निराळी नाहीतच.

बोलणे आणि लिहिणे यांच्यात आपण जी भिंत घातली आहे ती अशा ठिकाणी पडते. आपल्या महाविद्यालयात येणाऱ्या पुष्कळ मुलामुलींच्या घरी लिहिण्याची परंपरा नाही, पण बोलण्याची आहे. आजीच्या गोष्टी आहेत, गावच्या जत्रेतली सोंगे आहेत, रेल्वेच्या डब्यातली भजने आहेत, कामावरून आलेल्या वडिलांनी साहेबाची केलेली नक्कल आहे. पहिल्यांदाच कागद हाती घेणाऱ्याला वाटते की आपली पाटी कोरी आहे. ती कोरी नसते. अँडरसनच्या बापाच्या घरी कपाटभर पुस्तके नव्हती, पण गोष्टी सांगणारी माणसे होती. बोक्या तर पुस्तक होण्याआधी नुसता आवाजच होता.

तेव्हा मित्रमैत्रिणींनो, आपल्या ग्रंथालयात 'बोक्या सातबंडे' असेल तर एक भाग घरी न्यावा, आणि नसेल तर ग्रंथपालांकडे मागणी नोंदवावी. एम. ए. झालेल्यानेही तो वाचण्यात कमीपणा मानू नये. मात्र मनातल्या मनात वाचू नये. घरात जे कोणी असेल, लहान भाऊ, आजी, शेजारची काकू, त्यांना जवळ बसवून मोठ्याने वाचावा. कोणत्या वाक्याला ते हसतात आणि कुठे त्यांचे लक्ष उडते, हे नीट पाहावे. लिहिण्याचा पहिला धडा तिथेच मिळेल. आणि तो घेतल्यावर आपल्या वस्तीतल्या एखाद्या बोक्याची गोष्ट पुढच्या वर्षीच्या अंकासाठी कोणी लिहिली, तर ती वाचायला, आणि वाचून दाखवायलाही, आमचे घर तयार आहे.